भूसंपादनाची याचिका फेटाळली? पुढची पायरी, मुदत आणि खर्च

केळशीत बसून कोर्टाची केस चालवायची म्हणजे आधी दापोली, मग खेड नाहीतर रत्नागिरी, आणि त्यापुढे उच्च न्यायालय. रेवस–रेडी सागरी महामार्गाच्या आखणीत केळशी खाडीवरचा पूल आहे. रस्ता, पूल, जोडरस्ता यांपैकी कशासाठी तुमची वाडी किंवा वरकस जमीन गेली असेल, तुम्ही दाद मागितली असेल आणि 'फेटाळली' असा निकाल हातात आला असेल, तर हा मजकूर तुमच्यासाठी आहे.

फेटाळली म्हणजे सगळं संपलं, असं धरून घरी बसू नका. पण 'अपील टाकू, बघू' म्हणणाऱ्याच्या हातात लगेच पैसेही ठेवू नका. आधी एकच गोष्ट शोधा: कोणत्या कारणावरून फेटाळली? पुढचा दरवाजा, मुदत आणि खर्च हे तिन्ही त्या एका ओळीवर ठरतात. निकालाचा शेवटचा परिच्छेद काढा, पेन्सिलीने खूण करा आणि तो वकिलाकडून मराठीत समजून घ्या. यासाठी वेगळी फी मागणाऱ्या वकिलाकडे पुढचं काम देण्याआधी विचार करा.

कारण कोणतं, दरवाजा कोणता

तुम्ही किंवा वकील तारखेला गैरहजर राहिल्यामुळे प्रकरण काढून टाकलं असेल, तर अपील नको, पुनर्स्थापनेचा अर्ज करा. मुदत 30 दिवस. उच्च न्यायालयात अनेक अपिलं कार्यालयाने काढलेले आक्षेप वेळेत दूर न केल्यामुळे फेटाळली जातात. पान कमी, शुल्क कमी, सही राहिली, एवढंच कारण असतं. तिथेही पुनर्स्थापनेचाच अर्ज लागतो. हे काम तुलनेने स्वस्त आहे. चूक वकिलाच्या कार्यालयातून झाली असेल तर त्या अर्जाची फी तुम्ही देऊ नका, स्पष्ट सांगा.

वाढीव मोबदल्यासाठीचा संदर्भ, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत न्यायालयात गेलेलं तुमचं प्रकरण, निव्वळ गैरहजेरीवरून फेटाळता येत नाही. जुन्या 1894 च्या कायद्याखालच्या संदर्भावर न्यायालयाने गुणवत्तेवर निवाडा द्यायलाच हवा, असं सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये खजान सिंग प्रकरणात सांगितलं आहे. तुमचा संदर्भ असा काढून टाकला असेल तर या निकालाचं नाव वकिलाला आठवणीने सांगा.

'पर्यायी उपाय उपलब्ध आहे' म्हणून रिट याचिका फेटाळली असेल, तर न्यायालयाने तुमच्या मोबदल्याबद्दल काहीच ठरवलेलं नाही. तुम्हाला चुकीच्या दारातून योग्य दाराकडे पाठवलं आहे, एवढाच त्याचा अर्थ. 2013 च्या भूसंपादन कायद्याखाली योग्य दार म्हणजे कलम 64: जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज, तिथून भूसंपादन प्राधिकरणाकडे संदर्भ. निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर असाल तर मुदत सहा आठवडे. हजर नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांतलं जे आधी संपेल ते. पुरेसं कारण दाखवलं तर त्यापुढे आणखी एक वर्षापर्यंत अर्ज घेण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे घालवलेला काळ मुदतीतून वजा करायला मुदत कायद्याचं कलम 14 आहे. म्हणून रिट याचिका दाखल केल्याची आणि निकालाची तारीख असलेले कागद जपा. अर्ज पोचूनही 30 दिवसांत संदर्भ पुढे गेला नाही, तर तुम्ही थेट प्राधिकरणाकडे तक्रार नेऊ शकता. त्यासाठी कुणाची चिठ्ठी लागत नाही.

गुणवत्तेवर निकाल लागला आणि वाढ नाकारली किंवा अपुरी दिली, तर खरं अपील. 2013 च्या कायद्याखाली प्राधिकरणाच्या निवाड्याविरुद्ध कलम 74 प्रमाणे उच्च न्यायालयात 60 दिवस, सबळ कारण असेल तर आणखी 60. हे दुसरे 60 दिवस हक्काचे नाहीत आणि त्यापुढे काही मिळेल असं धरून चालू नका. जुन्या कायद्याखालचा निवाडा असेल तर कलम 54 चं अपील, मुदत 90 दिवस. जमीन 2014 च्या आधी गेली आणि निवाडाही तेव्हाच झाला, तर तुमचा कायदा बहुधा जुनाच.

रिट याचिका एकल न्यायमूर्तींनी फेटाळली असेल तर त्याच उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे अंतर्गत अपील होऊ शकतं का, हे त्याच दिवशी विचारा, कारण मुदत फक्त 30 दिवस. दोन न्यायमूर्तींनी फेटाळली असेल तर उरतं ते सर्वोच्च न्यायालय: विशेष अनुमती याचिका, 90 दिवस. पुनर्विलोकन अर्जाची मुदत 30 दिवस, पण तो निकालातली उघड चूक दाखवण्यासाठी असतो. तेच मुद्दे पुन्हा मांडायला पैसे घालू नका.

तुमची जमीन कोणत्या कायद्याखाली गेली, हे गृहीत धरू नका. महाराष्ट्रात राज्य महामार्ग, एमआयडीसी, नगररचना, म्हाडा यांचे स्वतःचे संपादन कायदे आहेत. राष्ट्रीय महामार्गाचा तर मार्गच वेगळा: आधी लवाद, मग जिल्हा न्यायालयात लवाद कायद्याचं कलम 34. तिथे मुदत तीन महिने, वर फक्त 30 दिवस. या मार्गाने जिल्हा न्यायालय स्वतः रक्कम वाढवून देऊ शकत नाही, असं 2021 मध्ये एम. हकीम प्रकरणात ठरलं. 2025 मध्ये घटनापीठाने निवाडा दुरुस्त करण्याचा मर्यादित अधिकार मान्य केला, पण तो मर्यादितच आहे. खेडजवळ मुंबई–गोवा महामार्गात जमीन गेलेला भाऊबंद जे सांगेल, ते तुमच्या केळशीच्या जमिनीला लागू होईलच असं नाही. तुमच्या निवाड्याच्या पहिल्या पानावर कायद्याचं नाव आणि कलम छापलेलं असतं. तेवढं वाचून मग बोला.

नक्कल: पहिला खर्च हाच करा

निकाल लागला त्याच दिवशी, नाहीतर दुसऱ्या दिवशी, प्रमाणित नकलेचा अर्ज द्या. वकील 'करतो' म्हणाले तरी अर्जाची पोच मागून घ्या. ई-कोर्ट्सच्या ॲपवर सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक टाकला की निकाल फुकट वाचता येतो, उतरवूनही घेता येतो. वाचायला तो पुरेसा, दाखल करायला प्रमाणित प्रतच लागते.

नकलेच्या पाठीमागे तीन तारखा शिक्क्याने मारलेल्या असतात: अर्ज केला ती, नक्कल तयार झाली ती, तुम्ही नेली ती. मुदतीचा सगळा हिशोब या शिक्क्यावर चालतो. समजा निकाल 10 जूनला लागला आणि अपिलाची मुदत 60 दिवस आहे. सरळ मोजली तर ती 9 ऑगस्टला संपते. तुम्ही 12 जूनला नकलेचा अर्ज दिला, नक्कल 2 जुलैला तयार झाली. हे 21 दिवस वजा होतात, म्हणजे मुदत 30 ऑगस्टपर्यंत जाते. पण नक्कल तयार असूनही तुम्ही ती 15 जुलैला नेली, तर मधले 13 दिवस तुमच्याच खात्यावर. आणि 12 जूनऐवजी 1 ऑगस्टला अर्ज केला असता तर आधीचा महिना-दीड महिना परत मिळाला नसता. नक्कल विभागात 'या पुढच्या आठवड्यात' म्हणाले की पुढच्या आठवड्यात नक्की जा.

इथेच एक माहीत नसलेली सवलत. 2013 च्या कायद्याचं कलम 96 सांगतं की निवाड्याखाली हक्क सांगणाऱ्याला निवाड्याच्या प्रतीसाठी फी लागत नाही, आणि निवाड्यावर मुद्रांक शुल्क व आयकरही नाही. भूसंपादन अधिकाऱ्याच्या, म्हणजे बहुधा प्रांत कार्यालयाच्या, निवाड्याच्या प्रतीसाठी कुणी शंभर-दोनशे मागितले तर पावती मागा आणि कलम दाखवा. मोबदल्यातून आयकर कापला गेला असेल तर 2016 चं केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाचं 36 क्रमांकाचं परिपत्रक सनदी लेखापालाला दाखवा.

कुठे जायचं: मुंबई नाही, कोल्हापूर

18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झालं आहे आणि रत्नागिरी जिल्हा त्याच्याकडे आहे. भाऊसिंगजी रस्त्यावर, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयाच्या इमारतीत. केळशीहून दापोली, खेड, चिपळूण, कुंभार्ली घाट, कराड, कोल्हापूर असा दिवसभराचा प्रवास आहे, मुक्काम धरूनच निघा. तुमचे जुने वकील मुंबईत असतील तर त्यांना थेट विचारा: तुम्ही कोल्हापूरला स्वतः उभे राहणार, की तिथल्या कुणाला देणार? दुसऱ्याला देणार असतील तर त्याची फी कोणी द्यायची, हे आधी ठरवा. दोन वकिलांची फी एकाच कामाला भरणारे बरेच जण याच टप्प्यावर फसतात.

अपिलात प्रत्येक तारखेला तुम्ही जाण्याची गरज नसते. दाखल करणं ऑनलाइन होतं. 'साहेबांनी बोलावलंय' म्हणून दर तारखेला गाडीभाडं घेणारा माणूस वकिलाचा आहे की मधला, याची खात्री वकिलाला फोन करूनच करा.

पैसे नेमके कुठे जातात

न्यायालय शुल्क हा सर्वांत मोठा सरकारी खर्च. भूसंपादनाच्या मोबदल्यावरच्या अपिलात महाराष्ट्र न्यायालय शुल्क कायद्याच्या कलम 7 प्रमाणे ते पूर्ण रकमेवर नाही, तर मिळालेल्या आणि मागितलेल्या रकमेच्या फरकावर लागतं. म्हणजे 8 लाख मिळाले आणि तुम्ही 20 लाख मागता, तर शुल्क 12 लाखांवर. जुन्या कायद्याखालच्या संदर्भ अर्जावर ते या फरकावरच्या शुल्काच्या निम्मं असतं. राज्यात कमाल मर्यादा 10 लाख रुपये आहे. मागणी फुगवली की शुल्कही फुगतं, म्हणून 'एक कोटी टाकू, मिळेल तेवढं मिळेल' हा सल्ला ऐकू नका. पुराव्याने जेवढं सिद्ध होईल तेवढंच मागा. सर्वोच्च न्यायालयाने जास्त रकमेची दुरुस्ती आणि उरलेलं शुल्क नंतर भरणं मान्य केलेलं आहे, त्यामुळे सुरुवातीला फुगवण्याची गरजही नाही. शुल्काचा आकडा वकिलाच्या तोंडून ऐकण्यापेक्षा तक्ता समोर ठेवून काढायला सांगा.

प्रतिज्ञापत्रासाठी 500 रुपयांचा स्टॅम्प पेपर घ्यायला लावला जातो. न्यायालयात दाखल करायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क माफ आहे, साधा कागद चालतो. मुंबईला असलेल्या भावाला मुखत्यारपत्र द्यायचं असेल तर मात्र स्टॅम्प लागतो. सातबारा डिजिटल स्वाक्षरीचा 15 रुपयांत घरबसल्या मिळतो. तो सेतूत किंवा झेरॉक्सच्या दुकानात शंभराला विकत घेऊ नका. माहिती अधिकाराचा अर्ज 10 रुपये, पान 2 रुपये.

सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिकेचं शुल्क 1,500 रुपये आहे आणि हाच आकडा दाखवून लोकांना दिल्लीला नेलं जातं. खरा खर्च तिथून पुढे सुरू होतो. वकिलांपैकी याचिका फक्त 'ॲडव्होकेट ऑन रेकॉर्ड' दाखल करू शकतो. मराठी कागदांचं इंग्रजी भाषांतर पानामागे मोजलं जातं, वर छपाई, उभे राहणारे ज्येष्ठ वकील, प्रवास. हे सगळे आकडे लेखी घेतल्याशिवाय आणि तुमच्या जमिनीच्या वाढीव रकमेशी ताडून पाहिल्याशिवाय दिल्लीचा विचार करू नका. चार-पाच गुंठ्यांच्या वाडीसाठी तो हिशोब फारच क्वचित जुळतो.

वकिलाच्या फीचा सरकारी दर नाही, म्हणून घासाघीस करण्यात कमीपणा नाही. कागदावर वेगवेगळं लिहून घ्या: मसुदा, दाखल करणं, टायपिंग व झेरॉक्स, अंतरिम अर्ज, अंतिम सुनावणी. 'सगळं मिळून' हे शब्द मान्य करू नका. आणि टक्केवारी अजिबात नाही. मिळणाऱ्या मोबदल्याच्या इतके टक्के, अशी फी ठरवायला बार कौन्सिल ऑफ इंडियाच्या नियमांनी वकिलांना मनाई आहे. वकील नसलेला मध्यस्थ टक्के मागत असेल तर तो कोण, कशाचे घेतो आणि पावती का देत नाही, एवढं विचारलं तरी पुरे. कोरे धनादेश, सह्या केलेले कोरे कागद आणि मोबदल्याच्या खात्याचं पासबुक या तीन गोष्टी कुणाच्याही हातात राहता कामा नयेत.

खर्च परवडत नसेल तर लाजू नका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 प्रमाणे महिला, अनुसूचित जाती-जमाती, दिव्यांग आणि आपत्तीग्रस्त यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. इतरांना महाराष्ट्रात वार्षिक 3 लाख, सर्वोच्च न्यायालयासाठी 5 लाखांपर्यंतची मर्यादा. न्यायालय शुल्कही त्यातच येऊ शकतं. सातबाऱ्यावर आई किंवा बहिणीचं नाव असेल तर त्यांच्या नावाने अर्ज करता येतो. दापोलीच्या न्यायालयात तालुका विधी सेवा समितीकडे जा किंवा 15100 वर फोन करा. त्यासाठी पैसे लागत नाहीत.

अपिलाआधी हे तीन पाहा

शेजाऱ्याचा निकाल लागला आहे का? त्याच अधिसूचनेतल्या दुसऱ्या मालकाला न्यायालयाने वाढ दिली असेल आणि तुम्ही स्वतः संदर्भ मागितला नसेल, तर 2013 च्या कायद्याच्या कलम 73 प्रमाणे (जुन्या कायद्यात 28-अ) तीन महिन्यांत जिल्हाधिकाऱ्यांकडे साधा अर्ज करून त्याच दराने मोबदल्याची फेरनिश्चिती मागता येते. ही सर्वांत स्वस्त वाट आहे आणि केळशी–उटंबर पट्ट्यात एका अधिसूचनेत अनेकांच्या जमिनी येत असल्याने गावात चौकशी करण्याला पैशाची किंमत आहे.

अपील सरकारने केलं आहे का? त्यांच्या अपिलाची नोटीस तुम्हाला आली तर एक महिन्यात प्रतिआक्षेप दाखल करून तुम्ही स्वतःची वाढही मागू शकता, तुमची मूळ मुदत गेलेली असली तरी. शुल्क लागतं, पण हुकलेली संधी परत मिळते. ही नोटीस रद्दीत टाकू नका.

लोकअदालतीत तडजोड झाली तर भरलेलं न्यायालय शुल्क परत मिळतं. मात्र त्या निवाड्यावर अपील नसतं. आकडा, व्याज आणि पैसे देण्याची तारीख लिहिल्याशिवाय सही करू नका.

आणि ज्यांची रक्कम अजून उचलायची आहे त्यांनी पावतीवर 'हरकत राखून स्वीकारली' हे शब्द स्वतःच्या हाताने लिहा. हरकत न नोंदवता पैसे घेतले की कलम 64 ची दाद जाते. संमतीच्या करारावर किंवा थेट खरेदीच्या खतावर सही केली असेल तर वाढीव मोबदल्याचं दार बहुधा बंदच असतं. तिथे अपिलाचं आमिष दाखवणाऱ्याला कलम विचारा.

सातबारा आणि मयत हिस्सेदार

कोकणातल्या अपिलांची दमछाक इथेच होते. सातबाऱ्यावर आजोबांचं नाव तसंच, हिस्सेदार मुंबई-ठाण्यात, कुळाचा शेरा वेगळाच. अपील चालू असताना कुणी वारला तर वारसांना 90 दिवसांत नोंदवावं लागतं, नाहीतर त्याच्यापुरतं अपील गळून पडतं. ते परत उभं करायला आणखी 60 दिवस, त्यानंतर विलंबमाफी. मृत्यूची बातमी वकिलाला त्याच आठवड्यात कळवा. वकीलपत्रावर सगळ्यांच्या सह्या गणपतीला लोक गावात येतात तेव्हाच घेऊन ठेवा आणि वारसफेरफार प्रलंबित असेल तर तो आधी लावून घ्या.

पुरावा गोळा करायचा तो खालच्या न्यायालयात. अपिलात नवा पुरावा क्वचितच घेतला जातो. संयुक्त मोजणीचा नकाशा आणि झाडांचा पंचनामा हे दोन कागद निवाड्याशी ओळीओळीने ताडून पाहा. पंचनाम्यात आंबा, नारळ, सुपारी किती धरली आणि निवाड्यात किती उतरली? उत्पन्न देणारं झाड लहान रोप म्हणून तर लावलेलं नाही? विहीर, गडगा, पाटाचं पाणी आलं का? दराचा आधार असलेली खरेदीखतं अधिसूचनेच्या आधीच्या तीन वर्षांतली हवीत. 2013 च्या कायद्याखाली दिलासा रक्कम 100 टक्के आणि 12 टक्क्यांची वाढीव रक्कम लागली का, ताब्यानंतरचं व्याज पहिल्या वर्षी 9 आणि पुढे 15 टक्के धरलं का, हे निवाड्याच्या शेवटच्या तक्त्यात दिसतं. यांतली एखादी बेरीज चुकली असेल तर तो तुमच्या अपिलाचा सर्वांत भक्कम मुद्दा.

एका प्रकारच्या फेटाळणीत मात्र पुढे पैसे घालू नका असंच सांगावं लागतं. 'पाच वर्षांत मोबदला दिला नाही, म्हणून संपादन रद्द झालं' असा कलम 24 चा दावा होता आणि तो 6 मार्च 2020 च्या इंदूर विकास प्राधिकरण निकालाच्या आधारे फेटाळला गेला असेल, तर पाच न्यायमूर्तींनी लावलेला तो अर्थ तुमच्या अपिलाने बदलणार नाही. तिथे जमीन परत मिळवण्याचा नाद सोडून मोबदला आणि व्याजाचा हिशोब मागा.

उशीर झालाच असेल तर विलंबमाफीच्या अर्जात खरं कारण तारखांसह लिहा: आजारपणाचे कागद, नकलेचा शिक्का, वकिलाला केलेले मेसेज. भूसंपादनात न्यायालयं उदारपणे पाहतात, पण उशिराच्या काळाचं व्याज नाकारून विलंब माफ केल्याचे सर्वोच्च न्यायालयाचे निकाल आहेत. 15 टक्क्यांच्या व्याजात एक वर्ष गेलं म्हणजे वाढीव लाखामागे 15 हजार गेले. कलम 74 चं अपील सहा महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा असं कायदा म्हणतो, प्रत्यक्षात वर्षं लागतात. वकिलाची फी ठरवताना ती एका वर्षाची की अंतिम निकालापर्यंतची, हे त्याच कागदावर लिहून घ्या.